जुळलेले हाड आणि उरलेली व्यथा : दंडाच्या अस्थिभंगाच्या उत्तरपरिणामांचा संकेतांक आणि त्याचा भाषिक इतिहास

१. विषयप्रवेश

रुग्णालयातून रुग्णाला घरी पाठवताना त्याच्या कागदपत्रांत निदानाच्या शेजारी एक संकेतांक लिहिला जातो. रुग्ण तो वाचत नाही. डॉक्टरही बहुधा तो स्वतः लिहीत नाही. नोंदविभागातील कर्मचारी निदानाची वाक्ये वाचतो, वर्गीकरणाच्या सूचीत योग्य जागा शोधतो आणि एक अक्षर व काही आकडे यांच्या रूपात त्या वाक्यांचा सारांश करतो. पुढे आकडेवारीच्या आणि विम्याच्या वाटेवर रुग्णाची कहाणी याच रूपात प्रवास करते. या दृष्टीने पाहता वैद्यकीय संकेतांक हे एक प्रकारचे भाषांतर आहे, आणि प्रत्येक भाषांतराप्रमाणे त्यातही काही टिकते व काही गळते.

प्रस्तुत निबंधात अशा एकाच संकेतांकाचा विचार करावयाचा आहे. खांदा आणि कोपर यांच्यामधील दंडाचे हाड मोडले, यथाकाल जुळले, आणि तरीही हात पूर्ववत झाला नाही, तर त्या उरलेल्या व्यंगाची नोंद कशी करावी? मोडलेल्या हाडाची नोंद सोपी असते. बऱ्या झालेल्या हाडाची नोंद करण्याचे कारणच नसते. परंतु ‘हाड बरे झाले, हात बरा झाला नाही’ या विधानात भूतकाळ आणि वर्तमानकाळ, कारण आणि कार्य, वैद्याचे मत आणि रुग्णाचे म्हणणे हे सारे एकत्र आलेले असते. एवढे सगळे एका आकड्यात कसे बसवायचे, हा प्रश्न वैद्यकाइतकाच कथनशास्त्राचाही आहे.

या विवेचनासाठी रायपूर हे शहर विशेष उपयुक्त ठरते. १९६३ मध्ये स्थापन झालेले वैद्यकीय महाविद्यालय आणि २०१२ मध्ये सुरू झालेली अखिल भारतीय आयुर्विज्ञान संस्था यांमुळे छत्तीसगडच्या दूरदूरच्या भागांतून रुग्ण येथे येतात. शहराच्या परिसरातील उरला आणि सिलतरा या औद्योगिक वसाहतींत लोखंडाचे कारखाने व रोलिंग मिल आहेत, आणि अशा कामात हातापायांच्या इजा संभवतात. रुग्ण आपली हकीकत छत्तीसगढीत किंवा हिंदीत सांगतो, तिचे टिपण इंग्रजीत होते आणि टिपणाचा संकेतांक होतो. मराठीच्या अभ्यासकाला हा भाषाव्यवहार परका वाटण्याचे कारण नाही. १८१८ मध्ये छत्तीसगडचे मुख्यालय रतनपूरहून रायपूरला आले तेव्हा हा प्रदेश नागपूरकर भोसल्यांच्या राज्याचा भाग होता, आणि १८५४ मध्ये ते राज्य खालसा झाल्यानंतरही शतकभर रायपूर व नागपूर एकाच प्रांतिक कारभारात राहिले. तात्यापारा या मोहल्ल्याच्या नावात तो सहवास आजही ऐकू येतो.

२. ‘जुळणे’ म्हणजे काय?

मराठी बोलीत हाड ‘मोडते’, पण त्याहून अधिक वेळा ‘हात’ मोडतो. ‘त्याचा हात मोडला’ या वाक्यात इजा संपूर्ण अवयवाला होते. वैद्य मात्र हाडाविषयी बोलतो. उपचाराच्या वेळी हाड ‘बसवले’ जाते, नंतर ते ‘जुळते’ किंवा ‘सांधते’. बरे होण्याची भाषा अशा रीतीने हाडापुरती मर्यादित होते. त्यानंतर जे राहते ते पुन्हा हाताच्या भाषेत सांगितले जाते : हात आखडला, हात वर जात नाही, थंडीत ठणकतो, भार घेत नाही. ‘हाड जुळलं, पण हात आखडला’ हे साधे वाक्य आधुनिक वर्गीकरणाला ज्या भेदासाठी अनेक दशके लागली तो भेद सहज करून जाते. त्यातील ‘पण’ हे उभयान्वयी अव्यय फार महत्त्वाचे आहे. संकेतांकाच्या इतिहासात या ‘पण’साठी जागा कशी निर्माण झाली, हेच पुढे पाहावयाचे आहे.

प्राचीन वैद्यकग्रंथांत हा प्रश्न निराळ्या परिभाषेत आढळतो. सुश्रुतसंहितेच्या निदानस्थानातील पंधराव्या अध्यायात भग्नाचे दोन मुख्य भेद केलेले आहेत : सांधा निखळणे, म्हणजे संधिमुक्त, आणि हाड मोडणे, म्हणजे कांडभग्न. पहिल्याचे सहा व दुसऱ्याचे बारा प्रकार दिले आहेत; कर्कटक, अश्वकर्ण, चूर्णित, वक्र इत्यादी त्यांची नावे मोडलेल्या हाडाच्या आकारावरून किंवा अवस्थेवरून पडलेली दिसतात. चिकित्सास्थानाच्या तिसऱ्या अध्यायात हाड स्थिर होण्यास लागणारा काळ वयानुसार सांगितला आहे : बाल्यात एक महिना, मध्यम वयात त्याच्या दुप्पट, उतारवयात तिप्पट. मात्र हाड चांगले जुळले असे केव्हा म्हणावे, याची जी लक्षणे तेथे येतात त्यांत काळाचा उल्लेख नाही. अवयव आखूड झालेला नसावा, जोडाच्या जागी उंचवटा नसावा, आणि हालचाल सुखाने व्हावी, असा त्यांचा आशय आहे. सुश्रुताच्या लेखी जुळणे ही केवळ हाडाची अवस्था नसून हाताच्या वापराची अवस्था आहे. हाड सांधले आणि हात आखडला, तर त्या कसोटीवर भग्न ‘सम्यक्’ जुळलेच नाही.

कार्यकारणाच्या अंगाने चरकसंहितेतील एक विचार येथे अधिक उपयोगी पडतो. एक रोग दुसऱ्या रोगाचे कारण होऊ शकतो, हे निदानस्थानाच्या आठव्या अध्यायात मांडले असून ज्वराच्या संतापातून रक्तपित्त उद्भवण्यासारखी उदाहरणे दिली आहेत. अशा कारणभूत रोगाच्या दोन गती सांगितल्या आहेत : काही रोग दुसऱ्याला जन्म देऊन स्वतः शमतात, काही स्वतः शमत नाहीत आणि कारणाचे कामही करीत राहतात. दंडाच्या हाडाला हा भेद लावून पाहता येतो. हाड जुळले आणि त्यामुळे खांदा आखडला, ही पहिली गती. हाड जुळलेच नाही, मोडलेल्या ठिकाणी खोटा सांधा तयार झाला आणि हात निकामी राहिला, ही दुसरी. आधुनिक संकेतांकात ‘उत्तरपरिणाम’ आणि ‘न जुळलेला अस्थिभंग’ यांत जी सीमारेषा आखली जाते तिचे तार्किक रूप हेच आहे.

३. मृत्यूच्या यादीतून जगण्याच्या यादीकडे

रोगांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणाचा उगम मृत्यूच्या नोंदीत आहे. १८५३ च्या ब्रुसेल्स येथील आंतरराष्ट्रीय सांख्यिकी परिषदेने विल्यम फार आणि मार्क देस्पीन यांच्याकडे मृत्यूच्या कारणांची सर्व देशांना लागू पडेल अशी यादी करण्याचे काम सोपवले. १८५५ मध्ये दोघांनी दोन वेगवेगळ्या याद्या सादर केल्या. इंग्लंडच्या नोंदणी कार्यालयात काम करणाऱ्या फार यांनी स्थानिक रोगांची मांडणी शरीरातील स्थानांनुसार केली होती आणि बाह्य आघाताने होणाऱ्या विकारांना स्वतंत्र गट दिला होता. देस्पीन यांची विभागणी रोगांच्या प्रकृतीवर आधारलेली होती. पुढे झाक बर्तियों यांनी तयार केलेले वर्गीकरण १८९३ मध्ये शिकागो येथे मान्य झाले. १९०० मध्ये पॅरिस येथे २६ देशांच्या प्रतिनिधींनी त्याची पहिली आंतरराष्ट्रीय आवृत्ती स्वीकारली, आणि साधारण दर दहा वर्षांनी सुधारणा करण्याची प्रथा सुरू झाली.

या साऱ्या काळात दंडाच्या जुळलेल्या हाडाला यादीत स्थान मिळण्याचा संभव अल्प होता. ज्याने मृत्यू येत नाही ते मृत्यूच्या कारणांत कसे मोडणार? १९४८ मध्ये जागतिक आरोग्य संघटनेच्या छत्राखाली सहावी सुधारणा झाली तेव्हा वर्गीकरण प्रथमच मृत्यूबरोबर आजारपणासाठीही तयार करण्यात आले. त्यामुळे व्यंग घेऊन जगणारा माणूस या ग्रंथाचा विषय होऊ शकला. इजेचे स्वरूप आणि इजेचे बाह्य कारण यांची दुहेरी नोंदही त्याच टप्प्यावर पक्की झाली. ‘कोणते हाड मोडले’ आणि ‘ते कशाने मोडले’ हे दोन प्रश्न स्वतंत्र झाले. कथेच्या भाषेत बोलायचे तर अवस्था आणि घटना वेगळ्या झाल्या.

नवव्या सुधारणेत वरच्या अवयवाच्या अस्थिभंगाच्या ‘उशिरा दिसणाऱ्या परिणामां’ना ९०५.२ हा संकेतांक होता. १९९० मध्ये मान्य झालेल्या दहाव्या सुधारणेत त्याची जागा टी ९२.१ या संकेतांकाने घेतली आणि संज्ञाही बदलली. आधीच्या संज्ञेत भर विलंबावर होता. नव्या ‘सिक्वेला’ या लॅटिन संज्ञेचा धातू ‘मागून जाणे’, ‘अनुसरणे’ या अर्थाचा आहे. मराठीत तिच्यासाठी येथे ‘उत्तरपरिणाम’ हा शब्द योजला आहे, कारण ‘उत्तर’ या शब्दात ‘नंतरचा’ हा काळवाचक अर्थ आणि ‘परिणाम’ या शब्दात कारणाशी असलेले नाते असे दोन्ही अर्थ राहतात. हे दोन्ही अर्थ आवश्यक आहेत. नुसते ‘नंतर’ पुरेसे नसते. कावळा बसायला आणि फांदी मोडायला गाठ पडली, एवढ्यावरून कावळ्याने फांदी मोडली असे होत नाही. खांदा आखडण्यास मधुमेहासारखी अन्य कारणेही असू शकतात. तेव्हा उत्तरपरिणाम लिहिणे म्हणजे काकतालीय न्यायाचा धोका पत्करून कार्यकारणाचे विधान करणे होय.

४. संकेतांकाचे व्याकरण

दहाव्या सुधारणेत ताज्या इजेसाठी दंडाच्या हाडाचे तीन भाग केले आहेत : वरचे टोक एस ४२.२, मधला दांडा एस ४२.३, खालचे टोक एस ४२.४. उत्तरपरिणामासाठी मात्र टी ९२.१ हा एकच संकेतांक आहे. खांदा, दंड आणि पुढचा हात या सर्वांचे अस्थिभंग त्यात एकत्र होतात. ताजी इजा तपशिलाने आठवणारे वर्गीकरण जुनी इजा ढोबळपणे आठवते. काळाबाबत त्याचा नियम असा की, नोंदीत ‘उत्तरपरिणाम’ असे म्हटलेले असेल, किंवा मूळ इजेला एक वर्ष वा अधिक काळ लोटूनही अवस्था टिकून असेल, तर हा वर्ग लागू होतो.

२०१५ च्या ऑक्टोबरपासून अमेरिकेत वापरात आलेल्या त्याच सुधारणेच्या विस्तारित रूपात वेगळा मार्ग अवलंबिला गेला. तेथे मूळ अस्थिभंगाचा संकेतांक जसाच्या तसा ठेवतात आणि शेवटी सातवे अक्षर जोडतात. उपचार चालू असतील तर एक अक्षर, हाड नीट जुळत असताना पुढील तपासणी असेल तर दुसरे; जुळण्यास विलंब, न जुळणे, वाकडे जुळणे यांसाठी आणखी तीन; आणि उत्तरपरिणामासाठी ‘एस’. उदाहरणार्थ, एस ४२.३०१ एस या एका संकेतांकात उजव्या दंडाच्या हाडाचा मधला भाग कधीकाळी मोडला होता आणि आजची तक्रार त्यातून आली आहे, एवढे विधान सामावते. येथे वर्षाची अट नाही; कितीही काळ लोटला तरी हे अक्षर वापरता येते. चेन्नई, हैदराबाद, पुणे अशा शहरांत अमेरिकी रुग्णालयांच्या नोंदींना संकेतांक देण्याचा व्यवसाय चालत असल्याने भारतीय पदवीधरांच्या एका वर्गाला हे सातवे अक्षर रोजच्या कामातून परिचित झाले आहे.

मराठी व्याकरणाच्या परिचयाच्या भाषेत सांगायचे तर ताज्या इजेचा संकेतांक हा धातू आणि सातवे अक्षर हा काळदर्शक प्रत्यय. धातू तोच राहतो, प्रत्यय बदलला की ‘मोडले आहे’चे ‘मोडले होते’ होते. टी ९२.१ मात्र धातू टाकून देऊन त्याच्या जागी एक सामान्यनाम ठेवतो. एका पद्धतीत भूतकाळ पूर्ण शब्दांत जपला जातो, दुसरीत तो गोषवाऱ्याने सांगितला जातो.

काळाची अट का महत्त्वाची, हे एका उदाहरणाने स्पष्ट होईल. लहान मुलाच्या दंडाच्या हाडाचे कोपराजवळचे बाहेरचे टोक मोडले आणि ते जुळले नाही किंवा वाकडे जुळले, तर वाढीच्या वयात कोपर हळूहळू बाहेरच्या बाजूस वळत जाते. कोपराच्या आतल्या बाजूने करंगळीकडे जाणारा मज्जातंतू वर्षानुवर्षे ताणला जातो आणि कधीकधी वीस-तीस वर्षांनी बोटांना मुंग्या येणे, पंजाची ताकद कमी होणे अशी लक्षणे दिसू लागतात. माणूस तोवर बालपणीची ती इजा विसरलेला असतो. वैद्याने विचारले तरच ती आठवते. येथे कार्य समोर असते, आणि कारण मात्र स्मृतीतून शोधून काढावे लागते.

उत्तरपरिणामाच्या नोंदीतील क्रमही लक्षणीय आहे. नियमानुसार आधी आजची अवस्था लिहायची, उदाहरणार्थ सांधा आखडल्यास एम २५.६, त्यानंतर टी ९२.१, आणि अपघाताचे स्मरण ठेवायचे असल्यास तिसऱ्या स्थानी वाय ८६ यासारखा बाह्य कारणाच्या उत्तरपरिणामाचा संकेतांक. अपघात, अस्थिभंग, आखडलेला हात हा घटनाक्रम नोंदीत उलटा होतो. कथेचा शेवट आधी सांगून आरंभाकडे जाणारे निवेदन साहित्याच्या अभ्यासकाला नवे नाही. परंतु जागतिक वर्गीकरणाच्या नियमात एक सवलत आहे, तिच्याकडे दुर्लक्ष करता येत नाही. आजची अवस्था नोंदवणे ही मुख्य गोष्ट, टी ९२.१ हा पुढचा संकेतांक जोडणे ऐच्छिक. म्हणजे कथेचा शेवट अनिवार्य आणि तिचा आरंभ वैकल्पिक. कामाच्या ओघात कोडरने दुसरा संकेतांक लिहिला नाही, तर नोंद चुकीची ठरत नाही. फक्त आखडलेला हात कशामुळे आखडला हे त्या नोंदीपुरते नाहीसे होते.

५. खुणेचे हाड : एक ऐतिहासिक दाखला

संकेतांकांची ही व्यवस्था रूढ होण्यापूर्वी दंडाच्या एका मोडक्या हाडाने साक्षीदाराचे काम केल्याचा दाखला एकोणिसाव्या शतकात सापडतो, आणि त्याचा महाराष्ट्राशी निकटचा संबंध आहे. १८४४ मध्ये दक्षिण आफ्रिकेतील माबोत्सा येथे सिंहाने केलेल्या हल्ल्यात डेव्हिड लिव्हिंग्स्टन यांच्या डाव्या दंडाचे हाड मोडले. ते नीट जुळले नाही. त्या जागी खोटा सांधा राहिला. पुढील जवळजवळ तीस वर्षांचे त्यांचे प्रवास त्या हातानिशीच झाले. १८६४ मध्ये ते लहानशा आगबोटीने हिंदी महासागर ओलांडून मुंबईस आले आणि आपल्याबरोबरचे चुमा व विकतानी हे दोन आफ्रिकी मुलगे डॉ. जॉन विल्सन यांच्या शाळेत ठेवून गेले. १८६५ मध्ये ते पुन्हा मुंबईस आले. १८६६ च्या आरंभी त्यांनी शेवटच्या मोहिमेसाठी मुंबई सोडली तेव्हा नाशिकजवळच्या शरणपूर येथील मिशनच्या आश्रमात वाढलेले काही आफ्रिकी तरुण त्यांच्याबरोबर होते. गुलामगिरीतून सोडवलेल्या मुलांसाठी तो आश्रम चालवला जात असे. तेथेच शिकलेला जेकब वेनराइट १८७२ मध्ये झांझिबारहून पाठवलेल्या तुकडीतून मोहिमेत दाखल झाला.

१८७३ च्या मे महिन्याच्या आरंभी, आज झांबियात असलेल्या चितांबोच्या गावात लिव्हिंग्स्टन यांचा मृत्यू झाला. त्यांच्या सोबत्यांनी हृदय व आतडी तेथेच झाडाखाली पुरली, जेकबने प्रार्थना वाचली आणि झाडाच्या खोडावर नाव व दिनांक कोरला. मृताच्या वस्तूंची यादीही त्याने केली. नंतर सुसी, चुमा, जेकब आणि त्यांचे सहकारी यांनी वाळवलेले शव दीड हजार किलोमीटरच्या आसपास वाहून समुद्रकिनारी आणले. १८७४ च्या एप्रिलमध्ये ते लंडनला पोहोचले तेव्हा चेहऱ्यावरून ओळख पटणे शक्य नव्हते. शल्यविशारद सर विल्यम फर्ग्युसन यांनी डावा दंड तपासला, न जुळलेले हाड आणि खोटा सांधा पाहिला आणि शंका मिटली. १८ एप्रिल १८७४ रोजी वेस्टमिन्स्टर ॲबेत दफन झाले. शवपेटीस हात लावणाऱ्यांत जेकब वेनराइट होता.

या घटनेत तीन संहिता एकमेकींशेजारी येतात : झाडावरचा लेख, वस्तूंची यादी आणि शल्यविशारदाचा निर्वाळा. पहिल्या दोन संहिता नाशिकला शिकलेल्या एका आफ्रिकी तरुणाच्या हातच्या आहेत, आणि ज्यांनी मृत्यू जवळून पाहिला त्यांची साक्ष त्यांत आहे. तरीही लंडनमधील शंका मिटली ती तिसऱ्या संहितेने. एरिख आउअरबाख यांच्या ‘मायमेसिस’ (१९४६) या ग्रंथाचे पहिले प्रकरण ओडिसियसच्या जखमेच्या व्रणावर आहे. वृद्ध दाई तो व्रण हाताने ओळखते, कारण त्या व्रणाची कथा तिला ठाऊक आहे. शाकुंतलातील अंगठी हीही स्मृती जागवणारी खूण. पेशवाईत भाऊसाहेबांच्या तोतयाने निर्माण केलेला पेच, ज्याचा शेवट १७७६ मध्ये त्या तोतयाला झालेल्या देहान्त शिक्षेने झाला, तोही ओळखीचाच होता. या परंपरेत खूण आणि ती ओळखणारी व्यक्ती यांच्यात जिव्हाळ्याचे नाते असते. फर्ग्युसन यांच्या तपासणीत मात्र खूण शास्त्राच्या ताब्यात गेली आणि सोबत चालत आलेल्यांचा शब्द तिच्या पाठीमागे गेला.

आजच्या वर्गीकरणाच्या काटेकोर भाषेत लिव्हिंग्स्टन यांचा हात ‘न जुळलेला अस्थिभंग’ ठरेल. चरकाच्या विभागणीतील दुसरी, न शमणारी गती त्यात दिसते. हेच हाड सुबक जुळले असते आणि केवळ खांदा आखडला असता, तर लंडनमध्ये ते खुणेच्या कामी येणे अवघड झाले असते. जितके हाड नीट जुळावे तितका पुरावा क्षीण व्हावा, ही उत्तरपरिणामाच्या नोंदीतील मूळ अडचण आहे.

६. रायपूर : शब्द, टक्के आणि साक्ष

हीच अडचण कामगाराच्या बाबतीत रोकड स्वरूपात पुढे येते. १९२३ च्या कामगार नुकसानभरपाई कायद्याच्या पहिल्या परिशिष्टात तुटलेल्या अवयवांचे कमाईच्या क्षमतेशी असलेले प्रमाण ठरवून दिलेले होते. हात खांद्यातून गेला तर ९० टक्के. खांद्याखाली अगदी आखूड भाग उरला तर ८० टक्के. जुळलेल्या पण आखडलेल्या हाताला त्या यादीत आकडा नव्हता. परिशिष्टात नसलेल्या इजेसाठी कमाईच्या क्षमतेतील घट पात्र डॉक्टरने ठरवावी, असे कलम होते. तुटलेल्या हाताची साक्ष कायदाच देत होता; जुळलेल्या हाताला साक्षीदार शोधावा लागत होता. २०२० मध्ये संमत झालेल्या सामाजिक सुरक्षा संहितेत हा कायदा समाविष्ट झाला, परंतु त्याच्या दीर्घ अंमलात घडलेली ही विचारपद्धती समजून घेणे आवश्यक आहे.

सर्वोच्च न्यायालयाने या संदर्भात भाषेचा एक महत्त्वाचा गोंधळ दूर केला. राजकुमार विरुद्ध अजयकुमार या वाहन-अपघाताच्या खटल्याच्या २०१० मधील निकालात न्यायालयाने स्पष्ट केले की, डॉक्टरने सांगितलेले अवयवाचे अपंगत्व आणि माणसाच्या कमाईतील घट या एकच गोष्टी नव्हेत. डावा हात गमावलेला कारकून आपले काम कदाचित चालू ठेवील, सुतार किंवा वाहनचालक ठेवू शकणार नाही. शरीराचे टक्के डॉक्टरने सांगावेत. त्यातून उपजीविकेवर झालेला परिणाम पुराव्यावरून न्यायाधिकरणाने ठरवावा. दुसऱ्या शब्दांत, माणूस काय काम करीत होता ही हकीकत पुन्हा विचारात घेणे भाग पडले. संकेतांकाने गाळलेला कथेचा भाग न्यायालयाने परत मागितला.

अपंगत्वाच्या मोजमापासाठी केंद्र शासनाने २००१ मध्ये प्रसिद्ध केलेल्या मार्गदर्शक सूचना या दृष्टीने साहित्याच्या अभ्यासकाने अवश्य वाचाव्यात. हाताच्या हालचालीची कक्षा आणि स्नायूंची ताकद यांच्या जोडीला तेथे दहा एकत्रित कृतींची यादी आहे आणि प्रत्येक कृतीला ९ गुण आहेत. डोक्यावरची वस्तू काढून पुन्हा ठेवणे, नाकाला हात लावणे, भारतीय पद्धतीने जेवणे, केस विंचरणे व वेणी घालणे, सदरा किंवा कुडता अंगात घालणे, शौचानंतरची स्वच्छता, पेल्याने पाणी पिणे, गुंड्या लावणे, नाडी किंवा धोतर बांधणे, लिहिणे. जगभर एकसारखा असणाऱ्या संकेतांकाच्या शेजारी हा अगदी इथला देह उभा राहतो. सुश्रुताने ‘सुखाने होणारी हालचाल’ ही जुळण्याची कसोटी म्हणून सांगितली होती. तिचा विस्तार अनेक शतकांनी शासकीय राजपत्राच्या रुक्ष भाषेत झालेला आहे. जेवण, वेणी आणि धोतर यांच्या या यादीत रुग्णाची बोली आणि वैद्याची परिभाषा यांची भेट होते, कारण ‘हात वर जात नाही’ या वाक्याला येथे थेट गुण मिळतात.

परिभाषेचा प्रश्न रायपूरला नवीन नाही. मराठी मातृभाषा असलेले आणि हिंदीत लिहिणारे माधवराव सप्रे (१८७१-१९२६) यांच्या कार्याचा मोठा काळ या शहरात गेला. १९०० मध्ये पेंड्रा येथून ‘छत्तीसगढ मित्र’ सुरू करणाऱ्या सप्रे यांनी काशीच्या नागरी प्रचारिणी सभेच्या वैज्ञानिक कोशासाठी अर्थशास्त्राच्या संज्ञांचे काम केले. पुढे रायपूरचेच पंडित रविशंकर शुक्ल मध्य प्रांत व वऱ्हाडचे मुख्यमंत्री असताना नागपुरात डॉ. रघुवीर यांचे परिभाषाकार्य फोफावले. संस्कृत धातूला उपसर्ग व प्रत्यय लावून हवी तेवढी संज्ञा घडवता येते, ही रघुवीरांची श्रद्धा. ती आणि अस्थिभंगाच्या संकेतांकाला सातवे अक्षर जोडणारी पद्धत यांत रचनेचे साम्य आहे : मूळ घटक थोडे, जोडण्या अगणित. दोन्हींचे बळ नेमकेपणात आहे. दोन्हींची मर्यादाही सारखीच आहे, कारण ज्याच्याविषयी ही संज्ञा आहे तो माणूस ती स्वतः उच्चारत नाही.

२०२२ च्या १ जानेवारीपासून अमलात आलेल्या अकराव्या सुधारणेत मूळ संकेतांकाला विस्ताराचे संकेतांक जोडून त्यांचा गुच्छ करण्याची सोय आहे. २०२४ च्या जानेवारीत दिल्ली येथे आयुर्वेद, सिद्ध आणि युनानी यांतील रोगसंज्ञांचा त्या वर्गीकरणातील विभागही प्रसिद्ध करण्यात आला. चरक-सुश्रुतांची परिभाषा आणि फार-बर्तियों यांची परंपरा एका ग्रंथात येणे ही ज्ञानाच्या इतिहासातील मोठी घटना आहे. मात्र गुच्छ करण्याची सोय असणे आणि तो प्रत्यक्षात केला जाणे यांत अंतर आहे. ते अंतर नोंदविभागातील कर्मचाऱ्याला मिळणाऱ्या वेळावर, प्रशिक्षणावर आणि त्याच्या पुढ्यात आलेल्या टिपणावर अवलंबून राहते. टिपणातच ‘जुना अस्थिभंग’ हे शब्द नसतील तर कोणताही कुशल कोडर ते निर्माण करू शकत नाही.

७. समारोप

वरील विवेचनातून तीन गोष्टी हाती येतात. पहिली, दंडाच्या जुळलेल्या अस्थिभंगाच्या उत्तरपरिणामाचा संकेतांक हे लहानसे कथन आहे. त्याला काळ आहे, कार्यकारण आहे आणि निवेदनाचा ठराविक क्रम आहे. दुसरी, या कथनातील कारणाचा भाग जागतिक नियमांनी ऐच्छिक ठेवला आहे, आणि नुकसानभरपाईच्या वेळी नेमका तोच भाग लागतो. तिसरी, लिव्हिंग्स्टन यांच्या हाडाने दाखवल्याप्रमाणे शरीरावरील खूण जितकी ठळक तितकी ती विश्वासार्ह मानली जाते. जुळलेल्या हाडाची खूण पुसट असते, म्हणून तेथे माणसाचा शब्दच मुख्य पुरावा ठरायला हवा.

यातून निघणारी अपेक्षा माफक आहे. रायपूरच्या रुग्णालयात एखादा कामगार ‘हाड जुळलं, पण हात वर जात नाही’ अशा अर्थाचे वाक्य त्याच्या बोलीत सांगतो, तेव्हा टिपण लिहिणाऱ्याने त्यातील ‘पण’च्या दोन्ही बाजू लिहाव्यात : हाड केव्हा व कशाने मोडले, आणि आज कोणती कृती होत नाही. मग दुसरा व तिसरा संकेतांक देणे कोडरला शक्य होते, आणि न्यायाधिकरणासमोर ती हकीकत नव्याने सिद्ध करण्याचे ओझे त्या आखडलेल्या हातावर पडत नाही. तौलनिक साहित्याच्या अभ्यासाने भाषांतरात काय गळते याचा विचार कविता आणि कादंबरी यांच्या संदर्भात पुष्कळ केला आहे. रुग्णालयातील टिपण आणि त्याचा संकेतांक यांच्यातील गळतीचा विचारही त्याच्या कक्षेत यावयास हवा, कारण येथे गळालेल्या एका शब्दाची किंमत कोणाच्या तरी रोजीरोटीत मोजली जाते.